उतारवयाची लागवड

दिव्य कुरआनच्या सूरह रूममध्ये (आयत ५४) माणसाच्या आयुष्याचा प्रवास तीन टप्प्यांत सांगितला आहे. अल्लाहने माणसाला दुर्बल अवस्थेत निर्माण केले, त्या दुर्बलतेनंतर सामर्थ्य दिले आणि सामर्थ्यानंतर पुन्हा दुर्बलता व पांढरे केस दिले. या तिन्ही अवस्थांचा कर्ता एकच आहे, हे येथे विशेष ध्यानात घेतले पाहिजे. तारुण्य ज्याने दिले त्यानेच वार्धक्यही दिले. मग तारुण्याला काही प्रयोजन असेल, तर वार्धक्याला नसेल कसे?

आपल्या घरांतून या प्रश्नाचे उत्तर मोठ्या प्रेमाने दिले जाते. "अब्बा, आता तुम्ही काही करू नका. आराम करा आणि अल्लाह अल्लाह करा." हे वाक्य बोलणाऱ्या मुलाच्या मनात आदरच असतो, त्याबद्दल शंका नाही. परंतु ज्या माणसाने चाळीस वर्षे दुकान चालवले, शेतात राबला, शाळेत शिकवले किंवा शिवणयंत्रावर कुटुंब पोसले, त्याला या वाक्यातून आणखी एक गोष्ट ऐकू येते : तुमची आता गरज उरलेली नाही. तो वडीलधारा माणूस वाद घालत नाही. फजरला मशिदीत जातो, इशराकपर्यंत बसतो, घरी येतो आणि मग जुहरच्या अजानची वाट पाहतो. इबादतीची ओढ म्हणून वाट पाहणे वेगळे आणि दिवस सरत नाही म्हणून वाट पाहणे वेगळे. दोन्ही बाहेरून सारखेच दिसतात.

मालेगाव म्हटले की बहुतेक वाचकांच्या डोळ्यांसमोर नाशिक जिल्ह्यातील यंत्रमागांचे शहर येते. येथे अभिप्रेत आहे ते वाशिम जिल्ह्यातील मालेगाव, ज्याला जुनी माणसे मालेगाव जहागीर म्हणतात. अकोल्याहून वाशिमला जाताना लागणारे तालुक्याचे ठिकाण. भोवती सोयाबीन, तूर आणि हरभऱ्याची काळी शेते. समृद्धी महामार्ग याच तालुक्यातून जातो. त्या रस्त्याने मुले नागपूरकडे आणि मुंबईकडे पांगली. मागे राहिली ती घरे, थोडी मोकळी जागा आणि ती जागा पाहत बसलेली म्हातारी माणसे. अशा गावांतील ज्येष्ठांसाठी हा लेख आहे आणि तो एका अगदी साध्या कामाविषयी आहे : सर्वांनी मिळून एक बाग लावणे.

"मी तर म्हातारा झालो"

हजरत उमर (रजि.) यांच्या खिलाफतीच्या काळातील एक प्रसंग इब्ने जरीर तबरी यांच्या हवाल्याने नंतरच्या संग्रहांत आलेला आहे. हजरत खुजैमा बिन साबित (रजि.) हे मदीनेतील अन्सार सहाबी. त्यांची एक जमीन पडीक होती. हजरत उमर (रजि.) यांनी त्यांना विचारले की, या जमिनीत लागवड करण्यापासून तुम्हाला कोण अडवते आहे? खुजैमा (रजि.) यांनी उत्तर दिले की, मी म्हातारा माणूस, उद्या मरणार. यावर खलीफांनी त्यांचे सांत्वन केले नाही, आरामाचा सल्लाही दिला नाही. लागवड तुम्ही केलीच पाहिजे, असे त्यांनी निक्षून सांगितले. खुजैमा (रजि.) यांचे चिरंजीव उमारा यांच्या नावाने ही हकीकत आली असून, पुढे आपण हजरत उमर (रजि.) यांना स्वतःच्या हातांनी आपल्या वडिलांबरोबर ती जमीन लावताना पाहिले, असे त्यात म्हटले आहे.

हे प्रेषितवचन नव्हे, सहाबींविषयीचे कथन आहे. त्यावरून एखादा शरई हुकूम काढण्याचा येथे हेतू नाही. परंतु या कथनाबरोबर दोन तारखा ताडून पाहण्यासारख्या आहेत. हजरत उमर (रजि.) यांची शहादत हिजरी सन २३ मधील. हजरत खुजैमा (रजि.) यांच्याविषयी चरित्रकार सांगतात की, ते सिफ्फीनच्या युद्धात, म्हणजे हिजरी ३७ मध्ये कामी आले. याचा अर्थ, "उद्या मरणार" म्हणणारा हा वृद्ध त्यानंतर किमान तेरा वर्षे जगला. मुनव्यापासून लावलेले खजुराचे झाड साधारण चार-पाच वर्षांत फळ धरू लागते. जी झाडे लावण्यात आता काय अर्थ, असे त्यांना वाटत होते, त्यांची फळे त्यांनी वर्षानुवर्षे खाल्ली असली पाहिजेत.

आणि समजा, खाल्ली नसती तरी? दमास्कसमध्ये हजरत अबू दर्दा (रजि.) एक झाड लावत असताना एका वाटसरूने त्यांना टोकले. एका रिवायतीप्रमाणे ते झाड अक्रोडाचे होते आणि त्याला फळ येईपर्यंत हा वृद्ध जगणार नाही, हे विचारणाऱ्याला दिसत होते. त्यांच्या उत्तराचा आशय असा की, फळ दुसऱ्याने खावे आणि पुण्य मला मिळावे, यात माझे नुकसान ते काय?

हे उत्तर त्यांनी कोठून घेतले, हे उघड आहे. बुखारी आणि मुस्लिम या दोन्ही संग्रहांत हजरत अनस (रजि.) यांच्याकडून आलेली प्रसिद्ध हदीस सांगते की, एखाद्या मुस्लिमाने झाड लावले किंवा पेरणी केली आणि त्यातून पक्ष्याने, माणसाने किंवा जनावराने खाल्ले, तर ते त्याच्यासाठी सदका ठरते. येथे 'माणूस' असा शब्द आहे. त्याचा धर्म, जात किंवा मोहल्ला विचारलेला नाही. पक्षी तर परवानगीही मागत नाही. सहीह मुस्लिममधील दुसऱ्या एका रिवायतीत, चोरीला गेलेले फळही लावणाऱ्याच्या खात्यावर सदका म्हणूनच जमा होते, असे आले आहे. ज्यांनी शेवग्याच्या शेंगांवरून शेजाऱ्यांशी भांडणे केली असतील, त्यांनी ही हदीस एकदा सावकाश वाचावी.

मुस्नद अहमद आणि इमाम बुखारी यांच्या 'अल-अदबुल मुफ्रद'मध्ये आलेली दुसरी हदीस आपण वृक्षारोपणाच्या फलकांवर नेहमी वाचतो : कयामत येऊन ठेपली आणि तुमच्या हातात खजुराचे रोप असेल, तर शक्य असल्यास ते लावून टाका. फलकांवर ही हदीस पर्यावरणासाठी लिहिली जाते, ते योग्यच आहे. पण हिच्यात पर्यावरणाच्या आधी दुसरेच काही सांगितले आहे. ज्या क्षणी फळाची, सावलीची, लाकडाची, कशाचीच आशा उरत नाही, त्या क्षणीही हातातील काम पूर्ण करायचे आहे. कयामत कधी येईल ते अल्लाहच जाणे. परंतु प्रत्येक म्हाताऱ्या माणसाची स्वतःची घटका जवळ आलेली असते आणि ते त्याला ठाऊक असते. म्हणून या हदीसचा पहिला वाचक शाळकरी मुलगा नसून सत्तरीचा माणूस आहे, असे मला वाटते.

एकट्याची नव्हे, सर्वांची

झाड एकट्यानेही लावता येते. मग सामुदायिक बाग कशासाठी? याचे उत्तर हजरत सलमान फारसी (रजि.) यांच्या जीवनात सापडते. ते गुलाम होते. मालकाने त्यांच्या मुक्ततेची किंमत ठरवली : खजुराची तीनशे झाडे लावून देणे आणि चाळीस उकिया सोने. एकट्या गुलामाच्या आवाक्यातील ही गोष्ट नव्हती. प्रेषित मुहम्मद (स.) यांनी सहाबींना सांगितले की, आपल्या भावाला मदत करा. मुस्नद अहमदमधील वर्णनानुसार कोणी तीस रोपे आणली, कोणी वीस, कोणी पंधरा, कोणी दहा. ज्याच्याकडे जितकी होती तितकी. तीनशे रोपे जमली. मग प्रेषित (स.) यांनी सलमान (रजि.) यांना खड्डे खणायला सांगितले. सोबत्यांच्या मदतीने खड्डे तयार झाले. लोक एकेक रोप पुढे करत गेले आणि प्रेषित (स.) स्वतःच्या हातांनी ते जमिनीत लावत गेले.

या प्रसंगातील कामाची वाटणी पाहा. ज्याच्यासाठी हे सारे चालले होते, त्याला बाजूला सावलीत बसवून ठेवले गेले नाही. त्याच्या हाती खड्डे खणण्याचे काम होते. मदत त्याला मिळाली, पण हातातील काम काढून घेऊन नव्हे.

हाच मुद्दा आपल्या काळात वेगळ्याच मार्गाने समोर आला आहे. १९७६ मध्ये अमेरिकेतील कनेटिकट राज्यातील एका वृद्धाश्रमात एलन लँगर आणि ज्युडिथ रोडिन या दोन मानसशास्त्रज्ञांनी एक प्रयोग केला. एका मजल्यावरील वृद्धांना सांगण्यात आले की, तुमच्या दिनक्रमाचे निर्णय तुम्ही घ्या. आणि प्रत्येकाला एक छोटे रोपटे देऊन त्याची निगा तुम्हीच राखायची, असे सांगितले. दुसऱ्या मजल्यावरील वृद्धांनाही रोपटी दिली, मात्र पाणी घालण्याचे काम परिचारिका करतील, तुम्ही काळजी करू नका, असे सांगितले. दीड वर्षानंतर पाहिले तेव्हा पहिल्या गटातील सुमारे १५ टक्के वृद्ध मरण पावले होते, तर दुसऱ्या गटातील सुमारे ३० टक्के. एकूण माणसे शंभराहूनही कमी होती, त्यामुळे या आकड्यांवर मोठा इमला उभारू नये; आणि आयुष्याची मुदत तर अल्लाहच्याच हाती आहे, ती रोपट्याने वाढत नाही. तरीही वृद्धांच्या जगण्यातील फरक विचार करायला लावणारा आहे. रोपटे दोघांच्याही खिडकीत होते. पाणी कोण घालणार, एवढाच प्रश्न होता. आपल्याकडील प्रेमळ मुले बहुधा त्या दुसऱ्या मजल्यावरील परिचारिकांसारखी वागतात.

येथे मुलांना एक गोष्ट स्पष्ट सांगितली पाहिजे. सूरह इस्रामध्ये (आयत २३-२४) आईवडिलांविषयी जे कर्तव्य सांगितले आहे, ते बागेने फिटत नाही. वडिलांना खुरपे आणून दिले आणि त्यांचे औषध आणायला विसरलो, असे चालणार नाही. बाग हे मुलांच्या सेवेला पर्याय म्हणून नाही. ती वडिलांच्या स्वतःच्या हक्काची जागा आहे, जेथे त्यांची वाट पाहणारे काहीतरी असते. आणि ज्यांना अंथरुणावरून उठवत नाही, त्यांनी मनात अपराध धरू नये. 'शक्य असल्यास' हा शब्द रोपाच्या त्या हदीसमध्येच आहे.

जागा, पाणी, माती

आता प्रत्यक्ष कामाकडे वळू. मालेगावसारख्या गावात मोठी जमीन शोधण्याची गरज नाही. मशिदीच्या आवारातील एक कोपरा, मदरशाची मागची बाजू, शाळेचे कुंपण, कोणाचा रिकामा प्लॉट, एवढ्यावर सुरुवात होते. कब्रस्तानाचा विचार अनेकांच्या मनात येतो, पण तेथे घाई करू नये. कब्रस्तानाची जमीन दफनासाठी वक्फ असते आणि वक्फचा मूळ हेतू बदलण्याचा अधिकार आपल्याला नाही. कडेने सावलीची झाडे लावणे वेगळे आणि कबरींच्या जागेत भाजीचे वाफे पाडणे वेगळे. मुतवल्ली आणि स्थानिक उलमा यांना विचारूनच पाऊल टाकावे. मशिदीच्या जागेतही झाड कोणत्या हेतूने लावले, हे लावतानाच ठरवून लिहून ठेवावे : फळे विकून मशिदीच्या खर्चाला, की येणाऱ्या-जाणाऱ्या सर्वांसाठी. फिक्हच्या ग्रंथांत लावणाऱ्याचा हेतू पाहिला जातो. तो कोणाला ठाऊकच नसला तर दहा वर्षांनी दोन लिंबांवरून कमिटीत तंटा उभा राहतो.

पाण्याचा प्रश्न खरा आहे. काटेपूर्णेसारखी नदी याच भागातून अकोल्याकडे वाहत जाते, तरी उन्हाळ्यात गावातील नळ कोरडे पडतात. अशा वेळी बागेला पाणी कोठून द्यायचे? मशिदीत रोज वाहून जाणाऱ्या पाण्याकडे पाहावे. प्रेषित (स.) एका 'मुद'ने, म्हणजे आजच्या मापाने लिटरभराच्या आतबाहेर पाण्याने, वुजू करीत. आपण नळ सोडून करतो. माणशी तीनच लिटर धरले आणि पाच वेळांचे मिळून दीडशे वुजू झाले, तर साडेचारशे लिटर पाणी रोज गटारात जाते. वापरलेल्या पाण्याने पुन्हा वुजू होत नाही, पण ते झाडांना घालण्यास हरकत नाही. त्यात साबण नसतो, हे आणखी चांगले. वुजूखान्याची नाली शौचालयाच्या नालीपासून वेगळी काढून एका टाकीत सोडावी. तेथून झारीने किंवा बादलीने झाडाच्या बुडाशी पाणी घालावे; पालेभाजीच्या पानांवर ओतू नये. त्याचबरोबर नळ बारीक करण्याची सवयही लागली पाहिजे. बाग आहे म्हणून वुजूला जास्त पाणी सोडणे, ही उलटीच तऱ्हा होईल. वाहत्या नदीकाठीही वुजूत उधळपट्टी करू नये, ही शिकवण आपल्याला आहे.

फळझाडांजवळ मातीचे मडके गळ्यापर्यंत पुरून, त्यात पाणी भरून वर झाकणी ठेवली, तर पाणी हळूहळू झिरपत राहते. कच्च्या भाजलेल्या, पाझरणाऱ्या मडक्याचाच यासाठी उपयोग होतो. म्हाताऱ्या माणसाला रोज बादल्या उचलाव्या लागत नाहीत, हा त्याचा दुसरा फायदा.

मातीविषयी मुंबईचे एक उदाहरण उपयोगी पडेल. मुंबई पोर्ट ट्रस्टच्या मध्यवर्ती स्वयंपाकगृहाच्या गच्चीवर २००२ च्या सुमारास तेथील अधिकारी प्रीती पाटील यांनी कर्मचाऱ्यांना हाताशी धरून बाग उभी केली. स्वयंपाकघरातून रोज निघणारा ओला कचराच त्या बागेची माती झाला. श्रीपाद दाभोलकर यांच्या 'प्रयोग परिवार'च्या विचारातून ही पद्धत आलेली. गच्चीवर, बंदराच्या खाऱ्या वाऱ्यात जर फळझाडे वाढतात, तर आपल्या काळ्या जमिनीत का वाढू नयेत? मोहल्ल्यातील भाज्यांची देठे, साली, शेळ्यांच्या लेंड्या आणि वाळलेला पाला एका खड्ड्यात साठवावा. मात्र काळ्या मातीत पावसाचे पाणी साचते, म्हणून वाफे उंच करावेत. विटांनी मांडीएवढे उंच केलेले वाफे तर फारच बरे. गुडघे दुखणाऱ्यांना वाकावे लागत नाही, स्टुलावर बसून निंदता येते.

काय लावावे हे म्हाताऱ्यांना सांगण्याची गरज नाही; त्यांना ते आपल्यापेक्षा अधिक कळते. तरी शेवगा, कढीपत्ता, लिंबू, पपई, सीताफळ ही या हवेत टिकणारी. सांभार, मेथी, पालक महिनाभरात ताटात येतात आणि पहिल्या हंगामात उत्साह टिकवतात. कोपऱ्यात एक चिंच किंवा जांभूळ अवश्य असावे, जे लावणाऱ्यासाठी नसतेच. रोपांची व सल्ल्याची गरज पडल्यास रिसोड तालुक्यातील करडा येथे कृषी विज्ञान केंद्र आहे आणि अकोल्याला डॉ. पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठ आहे. अहिल्यानगर जिल्ह्यातील कोंभाळण्याच्या राहीबाई पोपेरे यांनी शाळेचे तोंड न पाहता गावरान बियाण्यांची बँक उभी केली आणि देशाने त्यांना पद्मश्री दिली. आपल्या घरातील दादीच्या मडक्यात राख लावून ठेवलेले दोडक्याचे किंवा वालाचे बी असेल, तर बागेचा आरंभ त्यानेच करावा.

दादीचा उल्लेख आला म्हणून थांबून सांगतो. बाग म्हणजे पुरुषांचा अड्डा अशी समजूत होऊ नये. हजरत जाबिर (रजि.) यांच्या रिवायतीनुसार प्रेषित (स.) उम्मे मुबश्शिर (रजि.) या अन्सारी महिलेच्या खजुराच्या बागेत गेले होते आणि झाड लावण्याच्या पुण्याविषयी तेथेच बोलले होते. जाबिर (रजि.) यांच्या मावशींचा प्रसंग तर अधिकच बोलका आहे. तलाक झाल्यानंतर इद्दतीच्या काळात त्या आपल्या झाडांचे खजूर उतरवण्यासाठी निघाल्या, तेव्हा एका माणसाने त्यांना रोखले. त्या प्रेषित (स.) यांच्याकडे गेल्या. प्रेषित (स.) यांनी त्यांना जाण्याची परवानगी दिली; त्यातून तुम्ही सदका कराल किंवा एखादे भले काम कराल, असा आशय त्यांनी सांगितला. आपल्या मोहल्ल्यांत विधवा, एकाकी स्त्रिया उंबरठ्याआड वर्षे काढतात. त्यांच्यासाठी सकाळचा वेळ स्वतंत्र ठेवावा किंवा एखाद्या अंगणात त्यांची वेगळी परसबाग करावी. पण त्यांच्या नावाचा वाफा असावा, आणि त्यातील भाजी कोणाला द्यायची हे त्यांनीच ठरवावे.

उत्तर प्रदेशातील मलिहाबादचे हाजी कलीमुल्लाह खान यांचे नाव पुष्कळांनी ऐकले असेल. १९४० चा जन्म, शिक्षण सातवीत सुटलेले. एकाच आंब्याच्या झाडावर त्यांनी कलमे बांधून तीनशेहून अधिक जाती वाढवल्या. २००८ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. ऐंशी ओलांडल्यावरही त्यांचा दिवस त्या झाडाखालीच जात असे. आपल्या बागेतून पद्मश्री निघणार नाही. तीनशे नव्हे, तीन जातींचे लिंबू निघाले तरी पुरे. पण कलम बांधणे ज्याला येते, असा एखादा जुना माणूस तालुक्यात असतोच. त्याच्याकडून दोन मुलांनी ते शिकून घेतले तर ते लाभदायक ज्ञान ठरते. आणि मृत्यूनंतरही चालू राहणाऱ्या तीन गोष्टींत प्रेषित (स.) यांनी सदका-ए-जारिया आणि नेक संततीबरोबर अशा ज्ञानाची गणना केली आहे.

निघालेली भाजी विकावी की वाटावी, यावर मतभेद होतील. माझे मत वाटण्याच्या बाजूने आहे. सूरह अनआममध्ये (आयत १४१) पीक हाती येईल त्या दिवशीच त्याचा हक्क द्या आणि उधळपट्टी करू नका, असा आदेश आहे. जुमाच्या दिवशी सकाळी तोडणी करावी. पहिली जुडी त्या घरी जावी जेथे चूल अडली आहे, मग शेजारच्या घरी, ते घर कोणाचेही असो. ती जुडी वृद्धाने स्वतः नेऊन द्यावी. बऱ्याच दिवसांनी तो कोणाच्या तरी दारात काही मागायला नव्हे, सल्ला द्यायलाही नव्हे, तर काही देण्यासाठी उभा असेल.

एक शेवटची व्यवस्था आधीच करून ठेवावी. मृगाचा पाऊस पडला की वाफे वाटून द्यावेत आणि मशिदीच्या फलकावर प्रत्येक वाफ्यापुढे दोन नावे लिहावीत : एक वृद्धाचे, एक मोहल्ल्यातील मुलाचे. आजारपण येईल, गावाला जाणे होईल, रमजानमध्ये रोजा असताना उन्हात उभे राहवणार नाही. आणि एखाद्या दिवशी जुहरनंतर पहिल्या नावाच्या माणसाची जनाजाची नमाज होईल. त्या दिवशी अस्रनंतर त्याच्या वाफ्याला पाणी कोणी घालायचे, हे फलकावर अगोदरच लिहिलेले असेल.